येथे विशेषणे मिळतील

आमच्या गावाचं नाव इंग्रजीत लिहिलं की ते विशेषण होतं. मराठीत पाळी, तालुका डिचोली, गोवा. इंग्रजी पाटीवर पी, ए, एल, ई. ही चार अक्षरं पाचवीतल्या कुठल्याही पोराला दाखवा, ते सांगेल : ‘पेल’, म्हणजे फिकट, निस्तेज, रक्त कमी झालेला. आणि गाव कसं? तर लालभडक. लोखंडाच्या खनिजाचा पट्टा आमच्या पायाखालून जातो. खाणी जोरात होत्या तेव्हा टिप्परांची रांग पहाटे लागायची ती रात्रीपर्यंत तुटायची नाही. कौलं मुळातच लाल; बाकी सगळं धुळीनं त्यांच्या रांगेला आणून बसवलं. आंब्याची पानं लाल, दोरीवरचे शर्ट लाल, पाववाल्या पोदेराच्या टोपलीवरचं फडकं लाल. २०१२ च्या सप्टेंबरात खाणी बंद पडल्या, मध्ये सुरू झाल्या, २०१८ च्या मार्चात परत बंद पडल्या. धंदा गेला, रंग राहिला. अशा गावाला सरकारी पाटी दिवसरात्र रस्त्यावर उभी राहून फिकट म्हणते.

मोपाला २०२३ पासून विमानं उतरायला लागली आणि हरवळ्याचा धबधबा बघायला भाड्याच्या गाड्या घेऊन येणाऱ्यांची संख्या वाढली. फोनमधली बाई त्यांना ‘पेल’ला घेऊन येते. मग ते भजीच्या गाड्यापाशी काच खाली करून विचारतात, “भैया, पेल किधर है?” गाड्यावर बसलेल्यांपैकी एकाला इंग्रजी बऱ्यापैकी येतं. त्यानं एकदा गाडीत डोकावून प्रत्येकाचा चेहरा नीट पाहिला आणि त्यांना सांखळीच्या दवाखान्याचा रस्ता दाखवला.

ह्यात दोष इंग्रजांचा नाही. आमच्याकडची रोमी स्पेलिंगं पोर्तुगिजांच्या अमदानीतली. तिसवाडी, बारदेस, सासष्टी त्यांनी सोळाव्या शतकातच घेतली. आमची डिचोली, सत्तरी आणि पेडणे त्यांच्या हाती लागली अठराव्या शतकाच्या शेवटाला. म्हणून आमची नोंद ‘नव्या काबिजादी’ अशी. नवे असल्यामुळे आमच्या नावांवर त्यांनी हात जास्त मोकळा सोडला असावा. पेडण्याचं पर्नेम झालं, हरमलचं आरांबोल झालं, सांखळीचं सँक्वेलिम झालं. शेवटचा ‘एम’ म्हणायचा नसतो, नुसता नाकातून सोडायचा असतो, हे सांगायचं त्यांच्याकडून राहून गेलं. १९ डिसेंबर १९६१ ला जरा घाईत निघाले. डिचोलीचं बिचोलिम मात्र नाकातून सोडूनही समजत नाही. ड चा ब कुठल्या नाकपुडीतून होतो?

तात्पर्य, लिहायचं एक आणि म्हणायचं भलतंच, ह्याचं शिक्षण आम्हाला गावच्या पाटीपासून मिळालेलं. जगात इंग्रजी सोपी जायला हवी होती ती आम्हालाच.

मी खाण कंपनीच्या कचेरीत कारकून होतो. गावात कुणालाही इंग्रजीतून अर्ज करायचा असला की माझ्याकडे यायचा. त्यामुळे आयुष्यात एक तास शिकवलेला नसताना गाव मला मास्तर म्हणतं. माझ्या इंग्रजीचा इतिहास माझ्या पिढीच्या सगळ्याच गोंयकारांचा आहे. मुक्तीनंतर भाऊसाहेब बांदोडकरांच्या सरकारनं गावोगाव मराठी शाळा काढल्या, त्यातल्या एकीत चौथीपर्यंत शिकलो. पाचवीला हायस्कुलात गेलो तर इतिहास, भूगोल, विज्ञान सगळं एकदम इंग्रजीतून. एप्रिलमध्ये सम्राट अशोक ‘तो’ होता, जूनमध्ये ‘ही’ झाला. विचारायची सोय नव्हती. अमेरिकेत १९२५ पासून स्पेलिंगची राष्ट्रीय स्पर्धा चालते. तिथली पोरं व्यासपीठावर उभी राहून शब्दाचा अर्थ विचारतात, मूळ भाषा विचारतात, वाक्यात उपयोग करून दाखवा म्हणतात, आणि मोठी माणसं सगळं मुकाट्यानं सांगतात. आम्ही ‘अर्थ काय?’ म्हटलं की हातावर पट्टी. २०१९ साली त्या स्पर्धेत आठ पोरं एकदम जिंकली, कारण त्यांना अडवतील असे शब्दच परीक्षकांकडे उरले नाहीत. आठांतली सात भारतीय वंशाची. शेवटच्या पोरानं जो शब्द सांगून बक्षीस घेतलं तो ‘ओडिलिक’, म्हणजे विशेषणच. तेव्हापासून माझी खात्री आहे की विशेषणात पैसा आहे.

खाण बंद झाल्यावर घरी बसलो आणि पणजीला एका रद्दीच्या दुकानात मला ते पुस्तक मिळालं. दुर्मिळ इंग्रजी विशेषणं, त्यांचे अर्थ आणि उच्चार. कव्हर गेलेलं, त्यामुळे कुणी लिहिलं ते कळायला मार्ग नाही. एम आणि एन ही दोन अक्षरं वाळवीनं खाल्लेली. एम पासून सुरू होणारे दुर्गुण गावात भरपूर आहेत, पण त्यांना माझ्याकडे अजून शब्द नाही.

घरात ह्या पुस्तकाचं स्वागत झालं नाही. “रद्दी आपण विकतो, विकत आणत नाही,” असं सौभाग्यवतींचं म्हणणं पडलं. मी मोल्सवर्थचा दाखला दिला. मोल्सवर्थसाहेबानं १८३१ साली मराठी-इंग्रजी कोश छापला. विलायतेतला माणूस इथे येऊन आमच्या आज्या-पणज्यांच्या तोंडचे शब्द वेचून गेला, त्याला कुणी वेडा म्हटलं नाही. मी त्याच्या भाषेतले चार वेचले तर फिट्टंफाट होते. शिवाय तिकडच्यांचे कष्ट बघा. ऑक्सफर्डच्या मोठ्या कोशाचा पहिला भाग १८८४ साली निघाला आणि शेवटचा १९२८ साली. संपादक मरेसाहेब १९१५ सालीच वारले, त्यांना कोश पुरा झालेला दिसला नाही. इतक्या खस्ता खाऊन वाढलेलं पानात टाकायचं, हे माझ्या संस्कारात बसत नाही.

अर्थाचं एक वेळ भागतं. खरा वैरी उच्चार. पुस्तकात उच्चार दिले होते, पण अशा लिपीत की त्यांचे उच्चार आणखी कुणीतरी द्यावेत. त्यात जागोजाग एक उलटा ई होता. छापखान्याची चूक समजून मी पुस्तक उलटं धरलं, तर तो सरळ झाला आणि बाकीचे सगळे उलटे झाले.

नात इंग्रजी शाळेत. ती म्हणाली, “आबा, तो श्वा.”

“कोण?”

“श्वा. तोंड न उघडता म्हटलेला अ.”

संस्कृतात श्वा म्हणजे कुत्रा. आमच्या वाड्यावर जेवढे श्वा आहेत त्यांतला एकही तोंड उघडल्याशिवाय राहत नाही. साहेबाचा श्वा जवळजवळ प्रत्येक शब्दात दबा धरून बसलेला असतो आणि ब्र काढत नाही.

मुक्या अक्षरांचा जाच वेगळा. ‘सिटसाइन’ म्हणजे पोपटासारखा. स्पेलिंग मात्र पी पासून. तो पी गप्प. ज्या प्राण्याला गप्प बसवता येत नाही म्हणून पिंजऱ्यावर फडकं टाकावं लागतं, त्याच्या विशेषणातलं पहिलंच अक्षर मुकं ठेवायचं, ही बुद्धी साहेबालाच सुचू जाणे. ‘गूबर्नटोरिअल’ म्हणजे राज्यपालासंबंधीचं. आता राज्यपाल म्हणजे गव्हर्नर, त्यात ‘व्ह’ आहे. विशेषण करताना लॅटिनकडे धाव घेतली आणि त्याचा ‘ब’ केला. पोर्तुगिजांनी ड चा केला, इंग्रजांनी व्ह चा केला. ब वर ह्या गोऱ्यांचा काय जीव आहे कळत नाही. ‘पल्क्रिट्यूडिनस’ म्हणजे रूपवान. हे मी घरात आरशापुढे उभ्या असलेल्या व्यक्तीला उद्देशून म्हटलं. “आधी चूळ भरून या,” असं उत्तर आलं.

नातीनं मग फोनवर ऐकायची युक्ती दाखवली. तिथे एक अमेरिकन बाई आणि एक विलायती बुवा उच्चार सांगायला बसलेले असतात. ‘बिनकामाचा, निरुद्योगी’ ह्या अर्थाचं एक विशेषण आहे. बाई म्हणते ‘ओशिओस’, बुवा म्हणतात ‘ओटिओस’. मी पुन्हा बाईला दाबलं, पुन्हा बुवांना दाबलं. दोघांचं एकमत होईल म्हणून वाट बघता बघता जेवणाची वेळ झाली आणि शब्दाचा अर्थ मात्र माझ्यात पुरता उतरला. त्यापेक्षा आमचं सुशेगाद काय वाईट? तेही पोर्तुगिजांच्या ‘सोसेगादु’वरून आलेलं विशेषणच, पण म्हणायला कष्ट नाहीत आणि वागायला तर नाहीतच.

एका रात्री सौभाग्यवती स्वयंपाकघरातून म्हणाल्या, “आज कसला शब्द?”

“अक्सोरिअस.”

“म्हणजे?”

“बायकोवर प्रमाणाबाहेर प्रेम करणारा नवरा.”

“आणि पुस्तक कसलं म्हणालात?”

“दुर्मिळ विशेषणांचं.”

“बरोबर आहे मग,” असं म्हणून त्यांनी तव्यावर बांगडा टाकला.

त्याच आठवड्यात मेव्हणे आले. त्यांना ‘अव्हंक्युलर’ म्हटलं. अव्हंक्युलर म्हणजे काकासारखा प्रेमळ, असं पुस्तक सांगतं, पण मूळ लॅटिन शब्दाचा अर्थ मामा. इंग्रजाला काका, मामा, मावशीचा यजमान, आत्याचा यजमान सगळे एकाच अंकलमध्ये कोंबायचे असतात. गोड विशेषण करायची वेळ आली तेव्हा मात्र मामाच आठवला. मेव्हणे खूष झाले. नातीला शंभर रुपये देऊन गेले. विशेषणात पैसा आहे, हे म्हणणं खरं ठरलं, फक्त तो मला मिळाला नव्हता.

मग ही विद्या लोककल्याणासाठी वापरायचं मनात आलं. खाणींचे टिप्पर थांबले तरी आमच्याकडचा एक रस्ता उखडलेलाच होता आणि उन्हाळ्यात धुळीचे लोट उठत होते. एका सरकारी कार्यालयाला मी अर्ज केला. साधा ‘डस्टी रोड’ लिहिणारे पुष्कळ. मी लिहिलं की आमचा रस्ता ‘पल्व्हेरुलंट’ आणि ‘फेरूजिनस’ झालेला आहे. पल्व्हेरुलंट म्हणजे धुळीनं माखलेला आणि फेरूजिनस म्हणजे लोहयुक्त, गंजाच्या रंगाचा. इंग्रजी भाषेनं ही दोन विशेषणं पाळीसाठीच घडवून ठेवली होती आणि आम्ही इतकी वर्षं खोकत बसलो होतो.

पावसाळा येऊन धूळ आपोआप बसली, त्यानंतर उत्तर आलं. कुक्कुटपालनाच्या अनुदानासाठी केलेल्या आपल्या अर्जाच्या संदर्भात, जमिनीचा फॉर्म एक-चौदा आणि पक्ष्यांची संख्या सादर करावी. पल्व्हेरुलंट वाचताना कुणाच्या तरी डोळ्यांपुढे पोल्ट्री उभी राहिली होती. मी उलट कळवलं की पक्षी नाहीत, धूळ आहे. त्यावर अंतिम पत्र आलं : अर्जदाराकडे पक्षी नसल्याने प्रकरण निकाली काढण्यात येत आहे.

एवढ्यावर एखादा शहाणा थांबला असता. पण भाईंना पंचाहत्तर वर्षं पूर्ण झाली.

भाई म्हणजे एके काळचे टिप्परवाले. टिप्पर विकले आणि तेव्हापासून मतं देतात. भजीच्या गाड्यावर त्यांची जागा ठरलेली आहे. मान्सून, सुप्रीम कोर्ट, क्रिकेटची खेळपट्टी, दशावतारातली पेटी, शेजाऱ्याचा मुतखडा, कशालाही त्यांना तयारी लागत नाही. डॉक्टरला इंजेक्शन कुठे द्यायचं ते सांगतात, भटाला मुहूर्त सांगतात, पोदेराला पाव कसा फुगवायचा ते सांगतात. एकदा ते मला मराठी कारकुनांनी इंग्रजीच्या नादी का लागू नये हे इंग्रजीतून सांगत होते.

त्यांचा अमृतमहोत्सवी सत्कार ठरला. मानपत्र माझ्याकडे आलं. समितीचे लोक म्हणाले, “मास्तर, मराठी विशेषणं नकोत. ती सगळी वापरून झाली.”

खरंच होतं ते. गणपतीच्या चवथीला डिचोलीपासून उसगावापर्यंत रस्त्यानं जा. खांबाखांबावर धडाडीचे, तडफदार, झुंजार, कार्यसम्राट, दानशूर, गोरगरिबांचे कैवारी आणि सर्वांच्या सुखदुःखात धावून येणारे फडकत असतात. इतके लोक सुखदुःखात धावून येत असताना दुःखाला गावात शिरायला वाट तरी कशी सापडते, हे कोडं आहे. पूर्वी एका माणसाला एक विशेषण पुरत असे. आता अर्धा डझन असल्याशिवाय फ्लेक्सवाला कॉम्प्युटर सुरू करत नाही.

“इंग्रजीत काहीतरी घाला,” समिती म्हणाली. “कुणी वापरलेलं नसेल असं.”

मी ‘अल्ट्राक्रेपिडेरिअन’ घातलं. त्याची कथा अशी. अपेलीझ नावाचा एक ग्रीक चित्रकार आपली चित्रं रस्त्यावर मांडायचा आणि मागे लपून लोकांचं बोलणं ऐकायचा, असं प्लिनी सांगतो. चपला शिवणाऱ्या एका माणसानं चित्रातल्या चपलेची चूक काढली. चित्रकारानं ती सुधारली. दुसऱ्या दिवशी सुधारलेली चप्पल बघून त्या माणसाला चेव आला आणि तो पायाच्या चुका काढायला लागला. चित्रकार बाहेर येऊन म्हणाला, बाबा, चपलेच्या वर जाऊ नकोस. चपलेला लॅटिनमध्ये क्रेपिडा. त्यावरून, चपलेच्या वर जाणारा तो अल्ट्राक्रेपिडेरिअन. १८१९ साली हॅझलिट ह्या निबंधकारानं एका टीकाकाराला हाणायला हा शब्द वापरला होता. भाईंनी त्या दिवशी नुकतंच मला धोतराची निरी कशी घ्यावी हे सांगितलं होतं. मी धोतर नेसत नाही. ते तर नाहीच नाही.

समितीनं अर्थ विचारला. मी खोटं बोललो नाही. “विषयाची मर्यादा न मानता बोलणारा,” असं सांगितलं.

“म्हणजे भाईच!” समिती एकमुखानं म्हणाली.

समारंभाला मंडप भरला होता. मंचावर एक अधिकारी बसले होते ते अगदी ‘अजेलॅस्टिक’, म्हणजे जन्मात न हसणारे. पुस्तकातला शब्द प्रत्यक्ष खुर्चीवर बसलेला बघून मला भरून आलं. सूत्रसंचालकानं मानपत्र वाचायला घेतलं. तिसऱ्या ओळीत तो थबकला. पाणी प्याला. “अल्ट्रा... क्रिकेट... डेअरी... अन,” असं त्यानं धीर एकवटून म्हटलं आणि टाळ्यांचा कडकडाट झाला. भाईंनी क्रिकेट आणि दुग्धव्यवसाय ह्या दोन्ही क्षेत्रांत एवढं काम केलंय हे लोकांना पहिल्यांदाच समजत होतं. प्रमुख पाहुण्यांनी तर भाषणात सांगितलं, “भाईंचा आदर्श समोर ठेवून मीसुद्धा अल्ट्राक्रेपिडेरिअन व्हायचा प्रयत्न करीन.” प्रयत्नांची खरं म्हणजे काही जरुरी नव्हती. त्याआधी अर्धा तास ते गाईंच्या कृत्रिम रेतनावर बोलले होते आणि त्यांचा व्यवसाय मोटारींच्या सुट्या भागांचा होता.

दुसऱ्या दिवसापासून माझ्या दारात रांग लागली.

पहिला आला भजीवाला. त्याला गाड्यावर लावायला काहीतरी हवं होतं. मी ‘ओलिअ‍ॅजिनस’ दिलं, म्हणजे तेलकट. त्यानं इंग्रजीत पाटी रंगवून घेतली : ओलिअ‍ॅजिनस मिरची भजी. वाट चुकलेले पर्यटक गाडी थांबवून पाटीचे फोटो घेऊ लागले आणि फोटो घेतला म्हणून लाजेकाजेनं दोन प्लेटी भजी घेऊ लागले. भजी खाल्ल्यावर एकानं पाटीकडे परत पाहिलं आणि मान डोलावली. जाहिरातीतलं विशेषण मालाशी तंतोतंत जुळल्याचं हे गोव्यातलं मला माहीत असलेलं एकमेव उदाहरण.

मग बारवाला आला. त्याला मी दोन दिली. ‘बिब्युलस’ म्हणजे पिण्याची आवड असलेला आणि ‘क्रॅप्युलस’ म्हणजे अति प्यायल्यानं हाल झालेला. त्याला दोन्ही पसंत पडली. “संध्याकाळी पहिलं आणि बार बंद करताना दुसरं,” असा त्यानं पाटीचा बेत केला. एक शिक्षिका यजमानांसाठी विशेषण घेऊन गेल्या, अक्सोरिअस दाखवलं तर म्हणाल्या, “हे नको, ह्यांना शोभणार नाही.”

मासे विकणारी नुस्तेकान्न दारावर आली तेव्हा मी आपणहून म्हटलं, “तुझ्या गिऱ्हाइकांसाठी एक शब्द आहे. इक्थिऑफॅगस. मासे खाणारा.”

“म्हाका नाका मरे,” ती पाटी उतरवत म्हणाली. “बांगडो घेता जाल्यार घे.”

सगळ्या गावात विशेषण नाकारणारी ती एकटी. तिचा माल बारापर्यंत संपलेला असतो, तिला कशाला हवंय?

खरी पंचाईत केली ती भाईंच्या प्रतिस्पर्ध्यानं. हेही पूर्वीचे टिप्परवाले. भाईंच्या बाकासमोरचा बाक त्यांचा. “भाईला किती अक्षरी दिलं?” त्यांनी विचारलं.

“सोळा.”

“मला सतराच्या वरचं हवं. अर्थ कसलाही चालेल.”

मी पुस्तक धुंडाळलं. शशी थरूर यांनी २०१८ साली आपल्या पुस्तकाची घोषणा करताना एकोणतीस अक्षरांचा एक शब्द वापरून देशाला डिक्शनऱ्या उघडायला लावल्या होत्या. पण ते नाम. माझ्या दुकानात नामं मिळत नाहीत. शेवटी एच मध्ये सापडलं : ‘हिप्पोपोटोमॉन्स्ट्रोसेस्क्विपिडेलिअन’. तीस अक्षरं. अर्थ, भयंकर लांब शब्दासंबंधीचं. होरेस ह्या रोमन कवीनं लांबलचक शब्दांना दीड-दीड फुटी म्हणून नाक मुरडलं होतं, त्यातल्या ‘दीड फुटी’वर कुणीतरी पाणघोडा आणि राक्षस चढवून हे तयार केलेलं. गृहस्थांनी फ्लेक्स करायला टाकला. फ्लेक्सवाल्याचा फोन आला. “मास्तर, शब्द बसतोय, पण मग फोटो बसत नाही.” मी गृहस्थांना विचारलं. त्यांनी क्षणभर विचार केला आणि म्हणाले, “फोटो बारीक करा. मला गाव ओळखतं.” आता तिठ्यावर बारा फुटी फ्लेक्स आहे. एका कोपऱ्यात पोस्टाच्या तिकिटाएवढे ते हात जोडून उभे आहेत आणि बाकी सगळा पाणघोडा.

हे चालू असताना एका संध्याकाळी भाई तरातरा चालत आले. हातात फोन. मागे त्यांचा इंजिनिअरिंगला शिकणारा नातू. माझ्या पोटात गोळा आला. सौभाग्यवतींनी दारातून बघून मला हळूच विचारलं, “पाणी आणू की पोलीस?”

“मास्तर,” भाई खुर्चीवर न बसता म्हणाले, “मी तुमच्यावर विश्वास ठेवला. आणि तुम्ही मला चारचौघांत तोंडघशी पाडलंत.”

“भाई, त्याचा अर्थ तसा...”

“अर्थाचं कोण बोलतंय? उच्चार! तुम्ही मला सांगितलंत ‘डेरिअन’. नातवानं फोन लावला तर आतली बाई म्हणते ‘डेअरिअन’. सत्कार झाल्यापासून मी लोकांना चुकीचा सांगत फिरतोय. त्या सूत्रसंचालकाला मी सगळ्यांसमोर झापलं, आणि डेअरीपुरता तोच बरोबर होता!”

मला घाम फुटला होता तो जागच्या जागी थांबला. “म्हणजे अर्थ तुम्ही वाचला नाहीत?”

“वाचला की. ज्या विषयातलं कळत नाही त्यावर मत देणारा.” आता ते बसले. पाय लांब केले. “त्यात काय आहे? कळतं त्यावर कोणीही बोलेल. न कळता बोलायला हिंमत लागते. अर्थ उत्तम निवडलात. उच्चारात मात्र तुम्ही कच्चे आहात. आणा ते पुस्तक.”

मी पुस्तक आणलं. भाईंनी चष्मा लावला, पहिलंच पान उघडलं आणि उलट्या ई वर बोट ठेवून मला त्याचा उच्चार समजावून सांगायला सुरुवात केली. तो म्हणे नाभीपासून काढायचा असतो. दिवेलागण झाली, नातू तीनदा “चला” म्हणाला, पण ते एच पर्यंत आले तेव्हाच उठले. जाताना पुस्तक काखेत मारून घेऊन गेले.

आता पुढच्या महिन्यात ‘शुद्ध इंग्रजी उच्चार’ ह्या विषयावर त्यांचं व्याख्यान आहे. अध्यक्षस्थानी मला बसवलंय. निमंत्रणपत्रिका छापून आली. तिच्यावर माझ्या नावाआधी भाईंनी स्वतः शोधून एक विशेषण घातलंय : ‘ओटिओस’. स्पेलिंग अचूक आहे. अर्थाबद्दल घरच्यांचीही तक्रार नाही. फक्त सूत्रसंचालकाला आधी गाठून एवढंच सांगायला हवं की उच्चार विलायती बुवांचाच धरायचा.